अडीच पळांचा महिना



शेतात पेरलेले उगवले, हे आपल्यापैकी प्रत्येकाने पाहिले आहे. पण उगवताना पाहिले, असे कोणी म्हणेल काय? संध्याकाळी वाफ्यावर नजर टाकून आपण घरी जातो. सकाळी येऊन पाहावे, तर माती फोडून कोंब वर आलेला. केव्हा आला? "रात्रीतून आला," एवढेच आपण सांगू शकतो. घरातल्या मुलाचेही तसेच. रोज ज्या आईच्या ताटाशेजारी ते जेवायला बसते, त्या आईला ते वाढलेले कळत नाही. दिवाळीला आलेली मावशी मात्र उंबऱ्यातूनच म्हणते, "अगं बाई, केवढा उंच झाला हा!" वाढ सगळ्यांच्या डोळ्यांदेखत होते आणि तरी कोणाला दिसत नाही. आपल्या डोळ्याचा वेग निराळा, वाढीचा वेग निराळा. त्यांची गाठ पडत नाही.

ही गाठ घालून देण्याचा एक प्रयोग 1912 साली मुंबईत दादरला झाला. प्रयोग करणारे गृहस्थ मूळचे नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वरचे. नाव धुंडिराज गोविंद फाळके. आपण त्यांना दादासाहेब फाळके म्हणून ओळखतो. त्यांनी एका कुंडीत वाटाण्याचे दाणे पेरले, कुंडीसमोर चित्रपटाचा कॅमेरा मांडला आणि महिन्याहून अधिक काळ त्या रोपाची चित्रे घेतली. ती सगळी चित्रे एकापाठोपाठ पडद्यावर दाखवली, तेव्हा जेमतेम मिनिटाहून थोडा अधिक वेळ लागला. तेवढ्यात बी रुजले, अंकुर वर आला आणि त्याचा वेल झाला. या चित्रफितीला त्यांनी नाव दिले 'अंकुराची वाढ'.

फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' शाळेतल्या मुलालाही ठाऊक आहे. भारतातला पहिला कथाचित्रपट, 1913, एवढे उत्तर परीक्षेत लिहिले की गुण मिळतात. वाटाण्याच्या रोपाची गोष्ट मात्र पुस्तकात एका ओळीत उरकली जाते, आणि पुष्कळदा ती ओळही नसते. माझे सांगणे असे आहे की त्या एका ओळीतच हरिश्चंद्राचे मूळ आहे, आणि इतिहास कसा पाहावा याचा एक धडाही आहे.

वैजापूर तालुक्यातल्या मंडळींना फाळके परके वाटण्याचे कारण नाही. त्र्यंबकच्या ब्रह्मगिरीवर उगम पावणारी गोदावरी नाशिक, नांदूर मधमेश्वर असे करीत आपल्या तालुक्याच्या दक्षिण कडेने वाहते, आणि आपण तिला गंगाच म्हणतो. फाळक्यांच्या काळी त्र्यंबक इंग्रजी मुलखात होते आणि वैजापूर निजामाच्या राज्यात. सरकारे दोन होती, नदी एकच होती. तिच्या उगमाशी 30 एप्रिल 1870 रोजी या माणसाचा जन्म झाला. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे पंडित. पुढे ते मुंबईच्या विल्सन कॉलेजात शिकवू लागले आणि कुटुंब मुंबईला गेले. मुलाचा ओढा मात्र चित्रकलेकडे. 1885 साली तो जे. जे. कलाशाळेत दाखल झाला. त्यानंतर बडोद्याच्या कलाभवनात चित्रकला, छायाचित्रण आणि छपाईची अंगे शिकला. गोध्र्याला फोटोग्राफीचा धंदा केला, पण तिथे प्लेगने घर मोडले. पुढे पुराणवस्तू खात्यात नोकरी केली. स्वदेशीच्या चळवळीचे वारे सुटले तेव्हा ती सरकारी नोकरी सोडून छापखाना काढला. रंगीत छपाईची यंत्रे आणण्यासाठी 1909 मध्ये जर्मनीला जाऊन आले. मग भागीदारांशी बिनसले आणि छापखानाही सुटला.

एवढ्या धंद्यांची यादी ऐकून एखादा म्हणेल, माणूस धरसोड्या दिसतो. पण नीट पाहिले तर या सगळ्या धंद्यांतून एकच सूत्र गेलेले आहे. चित्र काढणे, चित्र टिपणे, चित्राच्या प्रती करणे. त्याच्या जोडीला आणखी एक छंद होता, जादूचा. स्वतःचे नाव उलटे करून 'प्रोफेसर केळफा' या नावाने ते जादूचे प्रयोग करीत. हा छंद लक्षात ठेवा, पुढे त्याचा उपयोग आहे.

1911 च्या एप्रिलमध्ये, ईस्टरच्या दिवसांत, गिरगावातल्या एका तंबूवजा चित्रगृहात फाळक्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्त चालत होता आणि त्यांच्या मनात राम आणि कृष्ण येत होते. आपले देव, आपली माणसे अशी पडद्यावर कधी येतील? पुढे 1917 साली 'नवयुग' मासिकात त्यांनी स्वतःच ही हकीगत सांगितली आहे. त्यानंतर मिळेल तो चित्रपट पाहणे, मिळेल ते पुस्तक वाचणे आणि रात्र रात्र प्रयोग करणे, असा त्यांचा क्रम सुरू झाला. झोप उडाली. डोळ्यांवर एवढा ताण पडला की त्यांना काही काळ दिसेनासे झाले. डॉक्टरांचे उपचार झाले, निरनिराळे चष्मे झाले, तेव्हा कुठे दृष्टी परत आली. ज्याचा सारा उद्योग डोळ्यावर चालायचा त्याच्यावर हा प्रसंग आला होता, हे ध्यानात घेतले म्हणजे पुढच्या कुंडीसमोरच्या बैठकीचे मोल कळते.

पैशाची बाजू तर त्याहून बिकट होती. नोकरी नाही, छापखाना नाही, आणि हा गृहस्थ म्हणतो मला हलती चित्रे काढायची आहेत! त्यांनी आपल्या बारा हजार रुपयांच्या विम्याच्या पॉलिसी गहाण टाकल्या, दहा हजारांचे कर्ज काढले आणि 1 फेब्रुवारी 1912 रोजी लंडनची बोट धरली. तिथे यंत्रांची माहिती घेतली, सेसिल हेपवर्थ या चित्रपटकाराच्या कारखान्यात काम कसे चालते ते पाहिले, विल्यमसन कंपनीचा कॅमेरा आणि फितीच्या कडेला भोके पाडण्याचे यंत्र मागवले आणि 1 एप्रिलला परत आले. पुढच्या महिन्यात माल मुंबईला पोहोचला. कॅमेरा घरी आला, पण गाठीचा पैसा संपला. कथाचित्रपट काढायचा म्हणजे नट हवेत, कपडे हवेत, देखावे हवेत, हजारो फूट फीत हवी. कोण देणार?

काही पुस्तकांत वाटाण्याचा प्रयोग या लंडनच्या प्रवासाच्या आधीचा म्हणून दिलेला आढळतो. प्रवासानंतरचा क्रम अधिक रूढ आहे, म्हणून मी त्या क्रमाने सांगतो. प्रयोगामागचे कारण दोन्ही ठिकाणी एकच आहे: सावकाराला खात्री पटवायची होती.

आता पहा, दुसरा कोणी असता तर त्याने काय केले असते? एखाद्या नटाला राजाचा पोशाख चढवून दोन मिनिटांचा प्रवेश टिपला असता आणि तो दाखवला असता. फाळक्यांनी कुंडीत वाटाणे पेरले. यात काटकसर होतीच. वाटाण्याला पगार द्यावा लागत नाही. पण नुसती काटकसर नव्हती. कॅमेरा काय करू शकतो, हे त्यांना दाखवायचे होते.

हे करायला किती चिकाटी लागली असेल, त्याचा हिशेब आपण करू. शिक्षक मंडळींनी हा हिशेब वर्गात जरूर घालावा. मूकपटांच्या काळी पडद्यावर एका सेकंदात साधारण सोळा चित्रे सरकत. म्हणजे एका मिनिटाला सोळा गुणिले साठ, नऊशे साठ चित्रे. ही चित्रे तीस दिवसांत घ्यायची तर रोज बत्तीस चित्रे झाली. रोज एक चित्र घेतले असेही कुठे कुठे सांगतात. पण रोज एकच घेतले तर महिन्याची तीस चित्रे होतात, आणि ती पडद्यावर दोन सेकंदांत संपतात. डोळ्याची पापणी लवेपर्यंत रोप उगवून वेल होऊन गेलेसुद्धा! तेव्हा एका मिनिटाची फीत म्हटली की दिवसाला तीसेक चित्रे हवीतच. ती केवळ दिवसाच्या उजेडात घ्यायची म्हटली तर साधारण दर वीस मिनिटांनी एक, सकाळपासून संध्याकाळपर्यंत, आणि असे महिनाभर रोज. जेवायला बसावे तर वीस मिनिटांनी उठावे. पाहुणा आला तर बोलणे अर्ध्यावर सोडावे. गाईचे दूध काढणाऱ्याला किंवा रात्रीच्या पाळीने पिकाला पाणी देणाऱ्यालाच या चाकरीची कल्पना येईल.

त्यातून पथ्ये किती! कॅमेरा तसूभर हलता कामा नये, नाहीतर पडद्यावर रोप उड्या मारू लागेल. कुंडीलाही कोणाचा धक्का लागता कामा नये. ढग आले की चित्र काळवंडते, ऊन पडले की उजळते. रोपाला पाणी तर रोज घातले पाहिजे. कॅमेऱ्याची मूठ एरवी एका सेकंदात दोनदा फिरवायची, तेव्हा सोळा चित्रे निघत. इथे मात्र एक चित्र घ्यायचे आणि थांबायचे. पुन्हा एक, पुन्हा थांबायचे. कच्ची फीत महाग. चुकले तर नवा दाणा पेरून पहिल्यापासून सुरुवात.

आणि वाटाणाच का? फाळक्यांच्या मनातले मी सांगू शकत नाही. पण वाटाण्याचा स्वभाव मात्र कोणालाही पाहता येतो. घेवड्याचे बी उगवताना आपल्या दोन्ही डाळिंब्या डोक्यावर घेऊन वर येते. वाटाणा तसे करीत नाही. त्याच्या डाळिंब्या मातीतच राहतात आणि वाकलेला कोंब तेवढा वर येतो. मग तो सरळ होतो, पाने उलगडतात, पानांच्या टोकाला बारीक तणावे फुटतात. ते तणावे आधार शोधत हवेत सावकाश गोल गोल फिरतात, आणि काडी लागली की तिला विळखा घालतात. हे फिरणे इतके मंद असते की शेतात उभे राहून ते कळत नाही. महिना मिनिटात आणला की मात्र तेच तणावे अंधारात भिंत चाचपडणाऱ्या हातासारखे हलताना दिसतात. ज्याची स्वतःची दृष्टी नुकतीच गेली होती आणि परत आली होती, त्या माणसाने हे पाहिले असेल तेव्हा त्याला काय वाटले असेल, याचा विचार मनात आल्याशिवाय राहत नाही.

आपल्या खेड्यांतून पूर्वी गारुडी यायचे, त्यांचा आंब्याचा खेळ वडीलधाऱ्यांना आठवत असेल. गारुडी कोय मातीत पुरतो, वर टोपली झाकतो, मंत्र पुटपुटतो. टोपली काढली की कोंब दिसतो. पुन्हा झाकतो, पुन्हा काढतो, तो वीतभर रोप! मुले टाळ्या पिटतात. प्रोफेसर केळफांना हा खेळ माहीत नसेल असे मला वाटत नाही. पण त्यांनी कुंडीवर जे केले ते गारुड्याच्या अगदी उलट आहे. गारुड्याची सारी करामत टोपलीखाली असते. जे घडते ते झाकलेले आणि दिसते ते फक्त आधीचे आणि नंतरचे. फाळक्यांनी टोपली काढून टाकली. आधीचे आणि नंतरचे यांच्यामधले जे काही आहे तेच त्यांनी दाखवले. म्हणून पडद्यावर जादूसारखे दिसणारे ते दृश्य अक्षरशः खरे होते. त्यातले एकेक चित्र रोपाने स्वतः दिलेले होते.

त्यावेळी आपल्याकडे हलती चित्रे नवी नव्हती. फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची चित्रे 7 जुलै 1896 रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात दाखवली गेली होती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी 1899 मध्ये मुंबईत कुस्तीचे चित्रण केले होते. दादासाहेब तोरणे यांचा 'पुंडलिक' 18 मे 1912 रोजी कॉरोनेशन चित्रगृहात लागला; ते एका नाटकाचे चित्रण होते. ही सगळी माणसे आपापल्या परीने मोठी. पण त्यांच्या कॅमेऱ्याने टिपले ते माणसाच्या डोळ्याला दिसतच होते. कुस्ती आखाड्यात दिसत होती, नाटक रंगभूमीवर दिसत होते. कुंडीसमोरच्या कॅमेऱ्याने जे टिपले ते कोणत्याच डोळ्याला दिसत नव्हते. कॅमेरा हा आता साक्षीदार राहिला नाही, तो एक नवा डोळा झाला. फरक आहे तो इथे.

जगात हा विचार आणखी काही ठिकाणी चालू होता. जर्मनीत लाइपझिगला विल्हेल्म फेफर या वनस्पतिशास्त्रज्ञाने 1898 ते 1900 या काळात वाढत्या रोपांची अशी चित्रे घेतली होती. इंग्लंडमध्ये पर्सी स्मिथ यांनी फुले उमलतानाची चित्रफीत 1910 साली लोकांपुढे आणली होती. आपल्याकडे कलकत्त्याला जगदीशचंद्र बोस रोपाच्या वाढीचे मोजमाप करण्याच्या खटपटीत होते. पुढे त्यांनी जे यंत्र केले, त्यात रोपाची क्षणाक्षणाची वाढ हजारो पटींनी मोठी होऊन दिसे. बोसांनी लांबी ताणली, फाळक्यांनी काळ आवळला. एक प्रयोगशाळेत बसलेले, दुसरे दादरच्या घरात, आणि त्यांच्या डोक्यावर कर्ज.

काळ आवळला म्हणजे किती आवळला? तीस दिवसांची मिनिटे होतात त्रेचाळीस हजार दोनशे. तेवढी मिनिटे एका मिनिटात आली. आपल्या जुन्या मापात सांगायचे तर एक घटिका म्हणजे चोवीस मिनिटे, आणि एका घटिकेची साठ पळे. एक पळ चोवीस सेकंदांचे. तेव्हा एक मिनिट म्हणजे अडीच पळे. लग्नात मुहूर्तासाठी घटिकापात्र पाण्यावर सोडीत, ते बुडायला जो वेळ लागे त्याच्या चोविसाव्या हिश्शात वाटाण्याचा महिना उलटला!

इथे इतिहासातली एक गंमत सांगण्यासारखी आहे. त्या काळात वेळ या गोष्टीवरच मुंबईत भांडण चालू होते. सरकारने 1906 पासून साऱ्या देशाला एक प्रमाण वेळ लावून दिली. रेल्वेने ती घेतली. मुंबईच्या लोकांनी मात्र विरोध केला आणि नगरपालिकेने आपली जुनी मुंबई वेळ चालू ठेवली. ती प्रमाण वेळेपेक्षा एकोणचाळीस मिनिटांनी मागे होती, आणि 1955 पर्यंत टिकली. म्हणजे 1912 साली दादरला स्टेशनात एक वेळ आणि नगरपालिकेच्या घड्याळात दुसरी. पंचांग पाहणाऱ्यांच्या घरी घटका-पळांची तिसरी. आपल्याकडेही मनमाडहून येणारी आगगाडी 1900 पासून रोटेगावला थांबू लागली होती, आणि तिने घड्याळाची वेळ सोबत आणली होती. शेतावरचा माणूस मात्र कासराभर सूर्य वर आला की न्याहारीला बसत होता. माणसे अशी आपापल्या वेळेसाठी हट्ट धरून बसलेली असताना कुंडीतले रोप आपल्या वेळेने वाढत होते. त्याला ना प्रमाण वेळ ठाऊक, ना मुंबई वेळ. फाळक्यांच्या कॅमेऱ्याने त्या रोपाची वेळ माणसांच्या वेळेत आणून दाखवली.

ही फीत त्यांनी निवडक मंडळींना दाखवली. त्यांत यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहारे हे होते. पाहून त्यांची खात्री पटली आणि ते कर्ज द्यायला तयार झाले. उभ्या पिकावर कर्ज काढणे हे शेतकऱ्याला काही नवे नाही. पण कुंडीतल्या एका वाटाण्याच्या वेलावर उभ्या चित्रपटाचे कर्ज मिळाले, असा दाखला दुसरा नसेल! अर्थात तेवढ्याने भागले नाही. पत्नी सरस्वतीबाई यांचे दागिनेही गहाण पडले.

सरस्वतीबाईंचे नाव इथे नुसते दागिन्यांपुरते घेतले तर तो अन्याय होईल. विलायतेहून येणारी फीत बिनभोकाची असे. तिच्या कडांना अंधाऱ्या खोलीत भोके पाडावी लागत, आणि हे काम सरस्वतीबाई करीत. घेतलेली फीत धुणे, कॅमेऱ्यात फीत भरणे, हेही त्या शिकल्या. शिवाय चित्रपटाच्या साऱ्या ताफ्याचा स्वयंपाक त्यांच्याकडेच होता. दिवसभर चूल आणि रात्री फीत. 'राजा हरिश्चंद्र' पुरा व्हायला सहा महिने सत्तावीस दिवस लागले. फीत झाली तीन हजार सातशे फूट. 21 एप्रिल 1913 रोजी ती निमंत्रितांना दाखवली आणि 3 मे 1913 रोजी कॉरोनेशनमध्ये ती सर्वांसाठी लागली. त्यात राणी तारामतीचे काम साळुंके नावाच्या पुरुषाने केले, कारण पडद्यावर यायला कोणी बाई तयार होईना. पुढची हकीगत तुम्हाला माहीत आहे. फाळके नाशिकला गेले, अनेक चित्रपट केले, 1918 मध्ये हिंदुस्थान फिल्म कंपनी निघाली, बोलपट आले तसे ते मागे पडले, आणि 16 फेब्रुवारी 1944 रोजी नाशिकलाच वारले.

आता मुद्द्याचे सांगतो. 1911 साली ख्रिस्ताचा चित्रपट पाहिला, 1913 साली हरिश्चंद्र झाला. इतिहासाच्या पुस्तकात ही दोन साले शेजारी शेजारी छापलेली असतात. वाचणाऱ्याला वाटते, माणूस थोर होता, त्याच्या मनात आले आणि झाले. हा गारुड्याचा आंबा झाला. कोय दिसली, झाड दिसले, आणि मधली दोन वर्षे टोपलीखाली गेली. त्या टोपलीखाली काय काय आहे? गेलेली आणि परत आलेली दृष्टी आहे, गहाण पडलेला विमा आहे, वीस वीस मिनिटांनी कुंडीकडे जाणे आहे, अंधारात भोके पाडणारी एक बाई आहे. मुलांना हे सांगितले नाही, तर थोर माणसे आभाळातून पडतात असे त्यांना वाटू लागते. आणि आपण काही आभाळातून पडलेलो नाही, तेव्हा आपल्या हातून काय होणार, असेही वाटू लागते. खेड्यातल्या मुलाचे यात फार नुकसान आहे.

या गोष्टीला एक दुःखाची बाजू आहे. 'अंकुराची वाढ' आज आपल्याला पाहता येत नाही. ती फीत उरलेली नाही. एकटी तीच नव्हे, भारतात तेराशेच्या वर मूकपट झाले, त्यांतले पुरे किंवा तुकड्यांनी उरलेले तीसच्या आसपास आहेत. तेव्हाची फीत ज्वालाग्राही असे. ती आपोआप खराब होई, भडकून पेटे, आणि तिच्यातली थोडी चांदी काढण्यासाठी लोक ती मोडीतही विकत. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय 1964 साली निघाले. तोवर फार उशीर झाला होता. संग्रहालयाचे पी. के. नायर यांनी गावोगाव हिंडून जे मिळेल ते जमवले, म्हणून फाळक्यांच्या काही चित्रपटांचे भाग तरी आज दिसतात. चित्रपट काढणे जेवढे मोठे काम, तेवढेच तो जपणे मोठे काम. हे आपल्याला उशिरा कळले. आपल्या गावांतल्या जुन्या वह्या, पाटीलकीचे कागद, शाळांची पहिली हजेरीबुके यांच्या बाबतीतही ते अजून पुरते कळलेले नाही.

फीत गेली, पण प्रयोग गेलेला नाही. तो कोणत्याही शाळेत पुन्हा करता येतो, आणि त्याला फारसा खर्च नाही. आजकाल मोबाइलमध्ये अशी चित्रे आपोआप घेण्याची सोय असते, हे मला माहीत आहे. परंतु त्यात मधली सारी मेहनत यंत्र करते, आणि मूल पुन्हा टोपलीसमोरच बसते. त्यापेक्षा असे करावे. एका कुंडीत किंवा फुटक्या माठाच्या बुडात दोन वाटाणे पेरावेत. वाटाणे नसले तर हरभरा चालेल. कुंडीची जागा आणि बसण्याची जागा खुणा करून पक्की ठरवावी. मग मुलांनी पाळीपाळीने रोज सकाळी, दुपारी आणि शाळा सुटताना त्या रोपाचे एकेक चित्र काढावे. कागद सारख्या मापाचे घ्यावेत आणि प्रत्येक कागदावर चित्र त्याच ठिकाणी काढावे. कागदाच्या मागे तारीख, वेळ आणि काढणाऱ्याचे नाव लिहावे. महिन्याने हे नव्वदेक कागद एका बाजूने शिवून टाकावेत आणि अंगठ्याने भराभर सोडावेत. पाचसहा सेकंदांत रोप उगवून वर जाताना दिसेल. रविवारी शाळा बंद होती, तिथे रोप एकदम उडी मारील. एखाद्या दिवशी कोणी पाणी घालायला विसरले असेल, तिथे पान लवलेले दिसेल. ते तसेच राहू द्यावे, खोडून सुधारू नये. कागद उलटवून पाहिला की त्या दिवशी पाळी कोणाची होती, हेही वर्गाला कळेल.